पदोन्नतीतले आरक्षण : साताऱ्यात जन्मलेले न्यायमूर्ती आणि माण-आटपाडीचा तलाठी

पदोन्नतीतील आरक्षणाची चर्चा आपल्याकडे बहुधा १९९५ च्या घटनादुरुस्तीपासून सुरू होते. परंतु या विषयावरचा पहिला मोठा निकाल २८ एप्रिल १९६१ चा आहे. तो लिहिणारे न्या. प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर यांचा जन्म साताऱ्याचा, मार्च १९०१ चा. त्याच्या चारच महिने आधी, ७ नोव्हेंबर १९०० रोजी, याच गावातील सरकारी इंग्रजी शाळेत सुभेदार रामजींचा मुलगा भीमराव दाखल झाला होता. योगायोगाला इतिहास म्हणू नये, हे मान्य. तरीही एकाने ज्या तरतुदीची बाजू संविधान सभेत मांडली, तिचाच अर्थ पुढे दुसऱ्याने लावला, हे नोंदवायला हरकत नसावी.

ती तरतूद म्हणजे अनुच्छेद १६(४). राज्याच्या सेवांत ज्या मागासवर्गाला पुरेसे प्रतिनिधित्व नाही, त्याच्यासाठी नेमणुका किंवा पदे राखून ठेवण्याची मुभा ती देते. पण ही मुभा नोकरीच्या उंबरठ्यापुरती की आतल्या जिन्यालाही लागू?

प्रश्न न्यायालयात आला तो रेल्वेमुळे. रेल्वे मंडळाने १९५९ मध्ये दोन परिपत्रके काढून, निवडीने भरावयाच्या वरच्या पदांतही अनुसूचित जाती-जमातींसाठी जागा राखल्या. दक्षिण रेल्वेतील रंगाचारी या कर्मचाऱ्याने त्यांना आव्हान दिले आणि मद्रास उच्च न्यायालयात ते जिंकले. सर्वोच्च न्यायालयाने मात्र तो निर्णय तीन विरुद्ध दोन मतांनी फिरवला. विरोधी मते न्या. वांछू आणि न्या. अय्यंगार यांची. बहुमताच्या निकालात गजेंद्रगडकरांनी मांडलेल्या भूमिकेचे सार असे, की प्रतिनिधित्व नुसती डोकी मोजून ठरत नाही. ती कोणत्या पायरीवर उभी आहेत, हेही पाहावे लागते. एखाद्या कचेरीत मागासवर्गाचे शंभर शिपाई असले आणि साहेब एकही नसला, तर तिथे प्रतिनिधित्व पुरेसे आहे असे कसे म्हणावे?

(याच न्यायमूर्तींनी पुढच्या वर्षी बालाजी खटल्यात आरक्षण सर्वसाधारणपणे ५० टक्क्यांच्या आत असावे असे म्हटले. त्यामुळे दोन्ही बाजूंचे वकील त्यांचाच आधार घेतात.)

हा अर्थ तीस वर्षे टिकला. १६ नोव्हेंबर १९९२ च्या इंद्रा साहनी निकालाने तो बदलला : आरक्षण प्रवेशाला, बढतीला नाही. संसदेने १९९५ मध्ये ७७ व्या दुरुस्तीने १६(४अ) हे कलम घालून बढतीतील आरक्षणाला पुन्हा आधार दिला. पण फक्त अनुसूचित जाती व जमातींसाठी.

सातारा-सांगलीच्या दृष्टीने खरी मेख इथे आहे. माण, खटाव, आटपाडी, जत या दुष्काळी पट्ट्यात धनगर समाज मोठा. शिवाय रामोशी, वडार, कैकाडी. महाराष्ट्रात हे सारे विमुक्त व भटक्यांच्या गटांत येतात, आणि १६(४अ) मध्ये त्यांचे नाव नाही. राज्याचा आरक्षण कायदा २९ जानेवारी २००४ रोजी अमलात आला. २५ मे २००४ च्या शासन निर्णयाने पदोन्नतीत एकूण ३३ टक्के पदे राखली गेली : अनुसूचित जाती १३, जमाती ७, विमुक्त-भटक्यांचे चार गट मिळून ११, विशेष मागास प्रवर्ग २. इतर मागासवर्गाला पदोन्नतीत काही नव्हते. आटपाडीच्या धनगर तलाठ्याला मंडळ अधिकारी आणि पुढे नायब तहसीलदार होताना बिंदुनामावलीत स्वतःचा बिंदू मिळाला, तो या निर्णयाने.

मुंबई उच्च न्यायालयाने ४ ऑगस्ट २०१७ रोजी तो रद्द केला. २००६ च्या नागराज निकालापासून सर्वोच्च न्यायालय मागासवर्गाच्या अपुऱ्या प्रतिनिधित्वाची आकडेवारी मागत होते. ती वेळेत गोळा करणे हे शासनाचे काम होते, तलाठ्याचे नव्हे. माझ्या मते या साऱ्या प्रकरणात सर्वाधिक दोष या ढिलाईचा आहे. २८ जानेवारी २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने आणखी स्पष्ट केले, की ही आकडेवारी संवर्गनिहाय हवी. संपूर्ण सेवेची एकत्र बेरीज चालणार नाही. गजेंद्रगडकरांनी पायऱ्यांकडे पाहायला सांगितले होते, ते आरक्षण देण्यासाठी. आता पायरीपायरीचा हिशेब मागितला जातो, तो ते टिकवण्यासाठी.

मधल्या काळात ७ मे २०२१ चा शासन निर्णय निघाला. त्यानुसार राखीव ३३ टक्के पदेही सेवाज्येष्ठतेने भरायची, आणि ज्येष्ठता धरायची ती २५ मे २००४ ची. म्हणजे त्या तारखेनंतर आरक्षणातून एखादी पायरी चढलेल्या कर्मचाऱ्याची पुढच्या बढतीसाठीची जागा तो २००४ मध्ये यादीत जिथे होता, तिथूनच मोजली जाणार.