प्रेमपटांतील कृष्णवर्णीय व्यावसायिक

हॉलिवूडच्या प्रणयप्रधान विनोदी चित्रपटांत उच्चशिक्षित कृष्णवर्णीय पात्रांच्या वाट्याला बराच काळ नायक-नायिकेचे मित्र होणेच आले. १९६७च्या ‘गेस हूज कमिंग टू डिनर’मध्ये सिडनी पॉइटिए यांनी डॉक्टर साकारला खरा, पण गोऱ्या घराने जावई म्हणून स्वीकारावे यासाठी त्याला जगद्विख्यात आणि निष्कलंक असावे लागले!

रेजिनाल्ड हडलिन दिग्दर्शित ‘बूमरँग’ने (१९९२) ही अट झुगारली. एडी मर्फीचा मार्कस जाहिरात-विपणनातील बडा अधिकारी, तर रॉबिन गिव्हन्सची जॅकलिन त्याची वरिष्ठ. कचेरीतील बहुतेक माणसे कृष्णवर्णीय. समीक्षकांपैकी काहींना हे अवास्तव वाटले. केवळ गोऱ्यांनी भरलेल्या पडद्यावरच्या कचेऱ्यांविषयी असा आक्षेप क्वचितच घेतला जाई. मार्कस दिलफेक आहे, फसतो, तोंडघशी पडतो. आदर्श असण्याची सक्ती त्याच्यावर नाही.

पुढे ‘लव्ह जोन्स’मध्ये (१९९७) शिकागोतील कवी व छायाचित्रकार, तर ‘ब्राउन शुगर’मध्ये (२००२) संगीत मासिकाची संपादिका आली. सना हामरी यांच्या ‘समथिंग न्यू’ची (२००६) नायिका केन्या लेखापाल आहे, फर्ममधील भागीदारीच्या उंबरठ्यावर उभी. तरीही गोरा अशील तिच्या आकडेमोडीवर शंका घेतो, आणि तिला दुप्पट राबावे लागते.