मडके आणि कॉइल

१९५६ साली आमची राजधानी नागपूरहून भोपाळला गेली. पांढुर्णा-सौंसरच्या टीव्ही कारागिरांची सुट्या भागांची वाट मात्र नागपूरचीच राहिली. १९८७ मध्ये ‘रामायण’ सुरू झाले आणि बंद संच हे घरचे संकट ठरले. ट्रान्सफॉर्मरचा एखादा वेढा शॉर्ट झाला, तरी मीटरवर ओहम जवळपास तेवढेच. मग अंदाजाने चांगला भागही बदलला जाई, भुर्दंड गिऱ्हाइकाला.

घरी करता येणारा टेस्टर हा संशय फेडतो. कॉइलला कंडेन्सर जोडून विजेचा एक ठोका द्यायचा. धड कॉइल घुमत राहते. शॉर्ट वेढा ऊर्जा गिळतो, कंपने लगेच विरतात. फॅरेडेने १८३१ मध्ये दाखवलेले प्रवर्तनच हे. मला त्यात आयाबायांची मडक्याची पारख दिसते: तडकलेले बद्द वाजते.