इसाओ तोमिता : नादवर्णाचे एक सूत्र

इसाओ तोमिता (१९३२–२०१६) या जपानी संगीतकाराच्या कारकीर्दीचे दोन खंड मानण्याची प्रथा आहे. १९७१ पूर्वीचे तोमिता पडद्यासाठी वाद्यवृंद योजणारे व्यावसायिक, तर नंतरचे विद्युत्-यंत्रावर पाश्चात्त्य रचना नव्याने घडविणारे प्रयोगशील कलावंत, असे या मताचे स्वरूप आहे. तथापि या विभागणीमुळे त्यांच्या कार्याचे मूळ सूत्र झाकले जाते. ते सूत्र नादवर्णाचे होय. एकच स्वर बासरीवर आणि सनईवर भिन्न भासतो, तो ज्या गुणामुळे, तो नादवर्ण.

बालपणी पेकिंगच्या स्वर्गमंदिरातील वर्तुळाकार भिंतीचा प्रतिध्वनी त्यांनी ऐकला होता. आपल्या ध्वनिजिज्ञासेचा उगम ते तेथे सांगत. १९५७ साली एन्एच्के या प्रसारण-संस्थेच्या पाककलाविषयक कार्यक्रमाची धून त्यांनी रचली व तीत लाकडी पट्ट्यांच्या मारिंबा वाद्यास प्राधान्य दिले. १९६३ साली त्याच संस्थेच्या वार्षिक ऐतिहासिक नाट्यमालांपैकी पहिलीस, आणि १९६५ साली ओसामु तेझुका यांच्या ‘जंगल ताइतेई’ या चित्रमालिकेस त्यांनी संगीत दिले. काही क्षणांत प्रसंग ओळखून द्यावयाचा, तर सुरावटीपेक्षा नादवर्णच अधिक त्वरेने कार्य करतो.

१९७१ साली त्यांनी अमेरिकन बनावटीचे मूग यंत्र आणविले. त्यावर एका वेळी एकच स्वर निघे. यास्तव प्रत्येक स्वररेषा स्वतंत्रपणे ध्वनिफितीवर घेऊन त्यांना वाद्यवृंद जुळवावा लागे. देब्युसीच्या पियानो-रचनांची ध्वनिमुद्रिका या रीतीने सिद्ध झाली. जपानमध्ये प्रकाशक न लाभल्याने ती १९७४ साली अमेरिकेतील कंपनीने प्रसिद्ध केली.

स्वर देब्युसीचे, मग तोमितांचे काय, हा आक्षेप गंभीर आहे. परंतु पियानोच्या एकाच नादवर्णातील कोणती स्वररेषा शिळेसारखी उमटावी व कोणती घंटेसारखी, हा निर्णय मूळ संहितेत नाही. तो तोमितांचा आहे. ‘पा-पि-पु-पे’ अशा निरर्थक अक्षरांनी बोलणारा यांत्रिक आवाजही त्यांनी घडविला. मानवी स्वरांतील ‘आ’ आणि ‘ई’ यांचा भेद मुखविवरातील अनुनादाचा, म्हणजे नादवर्णाचाच असल्याने हे शक्य झाले. २०१२ च्या ‘इहातोव’ सिंफनीत त्यांनी वाद्यवृंदासमवेत हात्सुने मिकु या संगणकीय गायिकेचा कृत्रिम कंठ योजला, तो याच मार्गाने.

शिवाय १९७२ व १९७४ साली ते दूरचित्रवाणीच्या ऐतिहासिक मालांना संगीत देतच होते, आणि २००२ साली योजी यामादा यांच्या ‘तासोगारे सेइबेई’ चित्रपटाचे संगीतही त्यांचेच होते. यंत्र आले म्हणून पडदा सुटला नाही. साधन पालटले, शोध एकच राहिला.