आईचं नाव कितव्या रकान्यात?

आजचा भाग अंधेरी पूर्वेच्या घरातून, महाकाली केव्ह्ज रोडवरच्या हॉर्नसकट. ऐकताना मागे कलकलाट आला असेल, तर म्हणून हे लिखित रूप. आणि हो, रस्त्याला नाव देवीचं असलं तरी ती लेणी बौद्ध आहेत. त्यावर वेगळा भाग करू, आज विषय दुसरा आहे.

गेल्या महिन्यात भाचीचा प्ले ग्रुपचा फॉर्म भरायला बसलो. छापील रकाने नेहमीचेच. मुलीचं नाव, वडिलांचं नाव, आडनाव. पार खाली, रक्तगटाच्या शेजारी, 'आईचे नाव'. ताई म्हणाली, "अरे, नियम बदललाय ना? माझं नाव मध्ये येणार होतं."

बदललाय खरा. मार्च २०२४ मध्ये राज्य सरकारने ठरवलं की १ मे २०२४ ला किंवा नंतर जन्मलेल्या मुलांचं नाव सरकारी कागदांवर असं लिहायचं: आधी मुलाचं, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव. भाची ऑगस्टमधली. म्हणजे ती यात बसते. फॉर्म छापणाऱ्याला कुणी सांगितलं नसावं.

बातमी आली तेव्हा बरेच जण म्हणाले, काय हे नवीन फॅड! नवीन? शाळेत आपण 'गौतमीपुत्र सातकर्णी' घोकलाय ना? परीक्षेत लिहिलाय, दोन मार्क घेतलेत, आणि नावाकडे एकदाही नीट बघितलेलं नाही. गौतमीचा पुत्र. त्याच्या मुलाचं नाव वासिष्ठीपुत्र पुळुमावी. दोन हजार वर्षांपूर्वी याच मातीतले राजे आईकडची ओळख नावाच्या अगदी पुढे लावत होते.

थांबा, लगेच 'मातृसत्ताक सातवाहन' म्हणून फॉरवर्ड करू नका. राज्य बापाकडून मुलाकडेच जात होतं. शिवाय 'गौतमी' हे बाईचं स्वतःचं नाव नव्हे, ते तिचं गोत्र. म्हणजे तिच्या वडिलांकडून आलेलं. तिचं नाव बलश्री.

हे आपल्याला कळतं कारण तिने ते स्वतः दगडात कोरून घेतलं. नाशिकच्या पांडवलेण्यांत तीन नंबरचं लेणं तिने भिक्खूंना दान दिलं, आणि तिथे प्राकृतात एक लांबलचक लेख आहे. साल पुळुमावीच्या राज्याचं एकोणिसावं, म्हणजे गादीवर नातू. लेखात मुलाने जिंकलेल्या प्रदेशांची यादी येते, क्षहरातांचा त्याने कसा नायनाट केला ते येतं, आणि मधेच हेही येतं की तो आईची सेवा करण्यात कधी चुकला नाही. कुठल्याही आजीने शेजारणीला मुलाचं कौतुक सांगावं तसं! पण दान कुणाचं? महादेवी गौतमी बलश्रीचं. एका महाराजाची आई, दुसऱ्या महाराजाची आजी, असं ती सांगते आणि सोबत स्वतःचं नावही ठेवते. मी तिथे गेलो होतो तेव्हा सगळे व्हरांड्यातल्या खांबांपाशी सेल्फी काढत होते. मीही काढला.

आता जरा लांब जाऊ. मधलं नाव वडिलांचं लावण्यात आपला जोडीदार म्हणजे रशिया. इवानचा मुलगा इवानोविच, मुलगी इवानोव्ना. आणि या बापाच्या नावाने चालणाऱ्या देशाने स्वतःला मात्र आई म्हटलं. १९४१ मध्ये हिटलरने हल्ला केला तेव्हा इराकली तोइद्झे या चित्रकाराने पोस्टर काढलं: लाल कपड्यातली बाई, हातात सैनिकाच्या शपथेचा कागद, मायभूमी बोलावतेय. त्यासाठी समोर उभी होती त्याची बायको, तमारा. पोस्टर जगाला माहीत, तमारा किती जणांना? पुढे १९६७ मध्ये वोल्गोग्रादला याच मायभूमीचा पुतळा उभा राहिला, तलवारीसकट ८५ मीटर उंच.

मला पोस्टरपेक्षा १९४४ चा एक हुकूम जास्त महत्त्वाचा वाटतो. युद्धात माणसं प्रचंड मेली होती, सरकारला मुलं हवी होती. म्हणून दहा किंवा जास्त मुलं वाढवणाऱ्या बाईला 'वीरमाता' किताब. आणि त्याच हुकुमात दुसरी तरतूद: लग्नाची नोंद नसेल तर बाईने मुलाच्या बापावर दावा करायचा नाही. मुलाच्या जन्मदाखल्यावर वडिलांच्या रकान्यात एक आडवी रेघ. ती रेघ घेऊन मुलं शाळेत गेली, १९६८ पर्यंत. एकाच कागदावर आईला पदकही आणि रेघही.

आपण वेगळे आहोत का? मराठीत आईचं सगळ्यात मोठं पुस्तक 'श्यामची आई'. साने गुरुजींनी ते १९३३ मध्ये लिहिलं, तेही नाशिकलाच, तुरुंगात. १९३५ मध्ये छापून आलं. अत्र्यांच्या सिनेमाला १९५४ मध्ये राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं. पहिल्यांदाच दिलं गेलेलं. घराघरात आई म्हणजे ती. आता पटकन सांगा, तिचं नाव काय?

यशोदा. माझ्या मित्रांच्या ग्रुपवर विचारलं, नऊ जणांपैकी दोघांना आलं. पुस्तकाच्या नावात ती श्यामची आहे, आणि लेखकाचं पूर्ण नाव पांडुरंग सदाशिव साने, मध्ये वडील. यात गुरुजींचा दोष काढत नाहीये, पद्धतच ती होती. उलट त्यांनीच लिहून ठेवलंय की माहेरी तिला 'आवडी' म्हणत, 'बयो' म्हणत. कर्जात बुडालेल्या घरात सावकाराच्या माणसाची बोलणी ऐकणारी ती बाई कधीतरी कुणाची तरी आवडी होती. हे वाचलं आणि मी पुस्तक खाली ठेवलं होतं थोडा वेळ.

नव्या नियमातही एक गंमत आहे. लग्न झालेल्या बाईचं स्वतःचं नाव अजून जुन्याच पद्धतीने: तिचं, नवऱ्याचं, आडनाव. म्हणजे मुलीच्या नावात आई येणार, पण आईच्या नावात तिची आई नाही.

फॉर्मवर ताईने पेनाने बाण काढून स्वतःचं नाव मध्ये घातलं. मी जाऊन देऊन आलो. काउंटरवरच्या मॅडमनी बाणाकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, शिक्का मारला.

संध्याकाळी आईला सगळं सांत्वनाच्या सुरात नाही, चेष्टेतच सांगत होतो. ती मेथी निवडत होती. म्हणाली, "माझ्या आईचं नाव सांग बघू." मी म्हटलं, सुमती, अजून काय? "ते लग्नात तांदळात लिहिलेलं. त्याआधीचं?"

मला माहीत नव्हतं. मामाला फोन लावला, त्यालाही माहीत नव्हतं. आईने मेथीची जुडी संपवली, हात झटकले आणि म्हणाली, "द्वारका. तिची बहीण तिला द्वारके म्हणायची, म्हणून मला माहिती."