बडोद्यातील अकरा दिवस

छळ म्हणजे केवळ मारहाण वा शिवीगाळ नव्हे. एखाद्याला वेगळे पाडणे हाही छळच होय. साताऱ्याच्या शाळेत बाल भीमराव आंबेडकर घरून आणलेल्या गोणपाटावर इतरांपासून दूर बसत. शिपाई नसेल, तर त्यांना पाणीही मिळत नसे.

कोलंबिया विद्यापीठात शिकून ते १९१७ साली बडोदा संस्थानच्या सेवेत रुजू झाले. पद मोठे होते, तरीही शिपाई कागद दुरून फेकत, असे चरित्रकार नोंदवतात. कोणी जागा देईना, म्हणून पारशी धर्मशाळेत नाव बदलून राहावे लागले. सरकारी बंगल्यासाठी त्यांनी तातडीचा अर्ज केला. मंत्र्यांना त्यात गांभीर्य दिसले नाही. अर्ज या अधिकाऱ्याकडून त्या अधिकाऱ्याकडे फिरत राहिला. अकराव्या दिवशी काठ्या घेतलेल्या जमावाने त्यांना तेथून हुसकावले. महाराजा सयाजीरावांसारखा उदार राजा असूनही हे घडले.

पुढे १९५० साली लागू झालेल्या संविधानाच्या अनुच्छेद १७ ने अस्पृश्यता नष्ट केली. मात्र तक्रारीतील निकड ओळखणे हे आजही टेबलाच्या या बाजूला बसलेल्या आपल्यासारख्यांचेच काम आहे. आपल्या कार्यालयात एकटा जेवणारा सहकारी कोण आणि वर्गात एकटे बसणारे मूल कोणते, हे विचारण्यासाठी कोणत्याही परिपत्रकाची गरज नसते.