दिनविशेष : २६ फेब्रुवारी १९७२ – बफेलो क्रीक खोऱ्यातील मानवनिर्मित जलप्रलय

अमेरिकेतील ॲपलाचियन पर्वतराजीत, वेस्ट व्हर्जिनिया राज्याच्या लोगन परगण्यात, बफेलो क्रीक या छोट्या नदीचे सुमारे २७ किलोमीटर लांबीचे अरुंद खोरे असून, विसाव्या शतकात कोळशाच्या खाणींच्या आधाराने तेथे कामगारांच्या १६ वस्त्या वसल्या. कोळसा धुतल्यावर उरणारी दगडमाती व चुरा यांचेच ढिगारे रचून पिटस्टन कंपनीच्या उपकंपनीने खोऱ्याच्या वरच्या टोकाला बांध घातले होते आणि धुण्याचे काळे पाणी त्यांच्यामागे साठवले जात होते. पावसाने तुडुंब भरलेला यांतील सर्वांत वरचा बांध शनिवार, २६ फेब्रुवारी १९७२ रोजी सकाळी आठच्या सुमारास फुटला, तेव्हा सुमारे ५० कोटी लिटर पाण्याच्या लोंढ्याने प्रथम सॉन्डर्स ही वस्ती समूळ वाहून नेली; खोऱ्यात एकूण १२५ माणसे मृत्युमुखी पडली आणि सुमारे ५,००० रहिवाशांपैकी ४,००० हून अधिक बेघर झाले.

कंपनीने या आपत्तीला दैवी कोप ठरवले. मात्र राज्याच्या चौकशी आयोगाने तिच्यावर सुरक्षिततेकडे उघड दुर्लक्ष केल्याचा ठपका ठेवला आणि १९७४ मध्ये तिला सहाशेहून अधिक वाचलेल्यांना १ कोटी ३५ लाख डॉलरची भरपाई द्यावी लागली. तात्पुरत्या छावण्यांत शेजारी विखुरल्याने समाजबंधच तुटल्याचे समाजशास्त्रज्ञ काय एरिक्सन यांनी १९७६ च्या आपल्या ग्रंथात दाखवून दिले. पैशांत न मोजता येणारी ही हानीही उद्योगाच्या जबाबदारीत धरली गेली पाहिजे, हाच या दिवसाचा धडा आहे.