हरियल (वर्धा जिल्हा)

हरियल : कपोत कुलातील, फळांवर जगणारा वृक्षवासी पक्षी, महाराष्ट्राचा राज्यपक्षी. शास्त्रीय नाव ट्रेरॉन फिनिकॉप्टेरस. लांबी सुमारे ३३ सेंमी. डोके राखाडी, मान व छाती हिरवट पिवळी, खांद्यावर फिक्या जांभळ्या रंगाचा डाग, पंखावर पिवळी रेघ आणि पाय हळदीसारखे पिवळे. हरोळ्यांच्या, म्हणजे ट्रेरॉन प्रजातीतील हिरव्या कबुतरांच्या, बहुतेक जातींचे पाय लाल असतात, म्हणून हा लगेच वेगळा ओळखू येतो. नर-मादी दिसायला जवळपास सारखेच. आवाज पारव्यासारखा घुमणारा नसून लांबवलेल्या शिळेसारखा. मुख्यतः मार्च ते जून या काळात मादी काटक्यांच्या विरळ घरट्यात दोन पांढरी अंडी घालते. भारतीय उपखंडापासून व्हिएतनामपर्यंत त्याचा वावर आहे. वर्धा जिल्ह्यात तो बोरच्या जंगलापासून गावालगतच्या वडा-पिंपळापर्यंत दिसतो. फळांनी लगडलेल्या वडाखाली उभे राहिले तरी तीस-चाळीस पक्ष्यांचा थवा सहज नजरेत येत नाही. अर्धवट तुटलेली फळे टपटप पडत असतात. एखादा पक्षी पोपटासारखा उलटा लोंबकळून फळ खुडतो आणि अख्खे गिळतो. चाहूल लागली की सारे पानांत निश्चल होतात आणि पुढच्या क्षणी पंख फडफडवत एकदम उडतात.

हरियल जमिनीवर पाय ठेवत नाही, पाणी पिताना पायात काडी धरतो, असा समज सर्वदूर आहे. तो खरा नाही. पाण्यासाठी तो खाली उतरतो. मात्र बाकी सारा जन्म झाडांवरच काढत असल्याने हा समज का रुजला असावा, हे कळते. दुसरा समज अधिक प्रतिष्ठित आहे आणि पक्षीप्रेमींच्या लेखनातही आढळतो : हरियल फळे खातो, बिया पसरवतो, म्हणजे तो जंगल पेरणारा पक्षी आहे. फळ खाणारा प्रत्येक पक्षी बी पेरतोच असे नाही. टिलिनोपस प्रजातीतल्या फळकबुतरांची पेषणी (जठराचा अन्न दळणारा भाग) पातळ भिंतीची असते. गर पचतो आणि बी बहुधा धड बाहेर पडते. हरोळ्यांची पेषणी जाड आणि स्नायुमय असते व तिच्यातल्या खड्यांच्या साहाय्याने बियाच दळल्या जातात. मलेशियाच्या सखल जंगलातील फ्रँक लॅम्बर्ट यांच्या १९८९ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात ट्रेरॉन प्रजातीची कबुतरे उंबरवर्गीय झाडांच्या बियांचा प्रसार करणारी नव्हे, तर त्यांचा नाश करणारी ठरली. तो अभ्यास आपल्या हरियलावर झालेला नाही, हा आक्षेप रास्त आहे. पण पचनेंद्रियाची ही घडण प्रजातीत सामाईक आहे, त्यामुळे उलट पुरावा मिळेपर्यंत पेरणीचे श्रेय हरियलाला देता येत नाही. एका उंबरात शेकडो बारीक बिया असतात, त्यांतल्या काही वाचून रुजतही असतील. तरी वड-पिंपळ पसरवण्याचे मुख्य काम बुलबुल, तांबट, कोकीळ, धनेश आणि वटवाघळे यांचे आहे.

मग हरियलाचे रक्षण कशासाठी, असे विचारले जाईल. उपयोग दाखवल्याखेरीज जीव वाचवू नये, ही अटच मुळात चुकीची आहे. शिवाय वरच्या पुराव्यातून निघणारा खरा मुद्दा वेगळा आहे. झाडाला हरियलाची फारशी गरज नाही, पण हरियलाला झाडाची पुरेपूर गरज आहे. जिल्ह्यातले बोर अभयारण्य १९७० चे. २०१४ मध्ये ते व्याघ्रप्रकल्प झाले. तिथले जंगल प्रामुख्याने सागाचे, आणि सागाचे कठीण फळ हरियलाच्या कामाचे नाही. त्याला लागणारे उंबर नाल्याकाठी, तर वड, पिंपळ गावठाणात, देवळाजवळ, धुऱ्यावर आणि रस्त्याच्या कडेला असतात. उंबरवर्गातली सारी झाडे एकाच वेळी पिकत नाहीत. एकाच गावातले दोन पिंपळही मागेपुढे पिकतात. थव्याचे वर्ष या मागेपुढे पिकण्यावर निभते. त्यामुळे एकच जुना वड गेला तरी एखाद्या महिन्याचे अन्न तुटू शकते, आणि ती तूट कुंपणाआडचे जंगल भरून काढीलच असे नाही.

हा पक्षी जागतिक पातळीवर धोक्यात नाही, हे खरे. परंतु ती नोंद व्हिएतनामपर्यंत पसरलेल्या संपूर्ण जातीची आहे. सेलू किंवा समुद्रपूर तालुक्यातल्या थव्याचे काय होते, हे ती सांगत नाही. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने शिकारीपासून त्याला संरक्षण दिले, ते आवश्यकच होते. पण त्या बंदीने रस्त्याकडेचा वड वाचत नाही. २०२० मध्ये वर्धा-सेवाग्राम रस्त्याच्या रुंदीकरणासाठी जुनी झाडे तुटू लागली तेव्हा नागरिक विरोधाला उभे राहिले. गांधीजींच्या काळाचा वारसा, सावली हे त्यांचे मुद्दे योग्यच होते. त्यांत फळांचा हिशोबही धरायला हवा. रस्ता रुंद व्हायलाच हवा आणि एका झाडामागे अनेक रोपे लावता येतात, असे उत्तर दिले जाते. रस्त्याची गरज नाकारण्याचे कारण नाही. मात्र रोपांची संख्या हे फळांचे माप नव्हे. वडाच्या रोपाला थवा पोसण्याइतका विस्तार यायला कित्येक दशके जातात, आणि गुलमोहर किंवा सप्तपर्णी लावली तर हरियलाच्या वाट्याला काहीच येत नाही. म्हणून रुंदीकरणाची आखणी करतानाच वड, पिंपळ, उंबर व पाखर यांची वेगळी मोजणी व्हावी, शक्य तिथे रस्ता झाडाला वळसा घालून जावा आणि नव्या लागवडीत याच झाडांचा वाटा ठरवून ठेवावा.